घरातला अबोला आणि चित्रपट



आज ज्या विषयासंबंधी चार शब्द बोलावयाचे आहेत तो सर्वांच्या परिचयाचा आहे. इतक्या परिचयाचा, की त्याविषयी सहसा कोणी बोलत नाही. घरातील माणसामाणसांत जो ताण उत्पन्न होतो, त्याचा हा विषय. भांडण निराळे आणि ताण निराळा. भांडणाला आवाज असतो, आरंभ असतो आणि बहुधा शेवटही असतो. ते शेजारी ऐकू जाते, कोणीतरी वडीलधारे माणूस मध्ये पडते, दोन दिवसांनी सारे पूर्ववत होते. ताणाच्या बाबतीत यांतले काहीच घडत नाही. ताटे नेहमीप्रमाणे वाढली जातात, चहा वेळेवर होतो, पाहुण्यांसमोर सर्वजण हसून बोलतात. आणि तरीही त्या घरात पाऊल टाकणाऱ्यास येथे काहीतरी बिघडले आहे असे जाणवल्यावाचून राहत नाही. अबोला हे त्याचे एक रूप. परंतु पुष्कळदा बोलणे चालू असते आणि अबोलाही चालू असतो.

नाटककाराला किंवा चित्रपटकाराला भांडण दाखविणे सोपे आहे. दोन पात्रे समोरासमोर उभी करावी आणि त्यांच्या तोंडी खरमरीत संवाद घालावे, म्हणजे झाले. परंतु जे बोललेच जात नाही ते पडद्यावर आणावयाचे कसे? आणि ते आणले गेले तर पाहणाऱ्या कुटुंबाला त्याचा उपयोग काय? या दोन प्रश्नांचा विचार आपण एका परदेशी लघुपटाच्या आणि आपल्याकडील काही चित्रपटांच्या साहाय्याने करू.

परदेशी लघुपट पोलंडमधला आहे. तोमाश श्लिविन्स्की या तरुण दिग्दर्शकाने वॉर्सा येथील चित्रपटशाळेत शिकत असता तो केला आणि २०१३ साली तो पूर्ण झाला. मूळ नावाचा अर्थ 'आमचा शाप' असा आहे. लांबी अर्ध्या तासाहूनही कमी. २०१५ साली दिल्या गेलेल्या ऑस्कर पारितोषिकांच्या वेळी लघु माहितीपटांच्या नामांकनांत त्याचा समावेश झाला होता. या चित्रपटात नट नाहीत. दिग्दर्शक स्वतः, त्याची पत्नी आणि त्यांचे नुकतेच जन्मलेले मूल, हीच यातील माणसे. आणि त्यांचे राहते घर हेच मुख्य स्थळ.

या मुलास जन्मतःच एक दुर्मीळ विकार आहे. आपण झोपतो तेव्हा श्वास घेण्याची आठवण आपणांस ठेवावी लागत नाही. ते काम मेंदू आपोआप करीत असतो. जनुकातील एका दोषामुळे या मुलाच्या बाबतीत ती आज्ञा झोपेत नीट सुटत नाही. जागेपणी श्वास चालतो, डोळा लागला की तो अपुरा पडतो. म्हणून रोज रात्री, आणि बहुधा जन्मभर, झोपेच्या वेळी त्याला यंत्राने श्वास द्यावा लागतो. युरोपातील एका जुन्या जलपरीच्या कथेवरून या विकारास 'ऑन्डीनचा शाप' म्हणण्याची प्रथा पडली. चित्रपटाचे नाव त्यावरूनच आले आहे.

आता आईबापांची स्थिती कल्पनेत आणा. इतरांच्या घरी मूल झोपले म्हणजे आई सुटकेचा निःश्वास टाकते. या घरी मूल झोपले म्हणजेच भीतीला आरंभ होतो. असे एखादे आजारपण घरात आले की नवराबायकोंच्या मधली जागा हळूहळू अवघडत जाते. दोघांनाही झोप नाही, दोघांनाही भय आहे, दोघांच्याही मनात आपल्याच वाट्यास हे का आले असा प्रश्न आहे. परंतु तो बोलून दाखविला तर दुसरा अधिकच खचेल, या भीतीने दोघेही गप्प राहतात. समजूतदारपणा आणि ताण हे पुष्कळदा असे एकाच मुळातून उगवतात.

दिग्दर्शकाने येथे एक अत्यंत साधी युक्ती योजिली. रात्री आपल्या कोचासमोर त्याने कॅमेरा एका जागी ठेवला आणि नवराबायको दोघेही त्याच्याकडे तोंड करून शेजारी शेजारी बसली. चित्रपटाचा गाभा म्हणजे या कोचावरच्या रात्री. मधून मधून रुग्णालय दिसते, यंत्र दिसते, मुलाच्या गळ्यातील श्वासाची नळी बदलण्याचा जीव मुठीत धरावयास लावणारा प्रसंग दिसतो. आणि पुन्हा तो कोच. आरंभी दोघे तुटक बोलतात. पुढे हळूहळू भीती शब्दांत उतरू लागते, आणि पुढे पुढे हसूही येऊ लागते. मुलाचा विकार बरा झालेला नाही. तो तसाच आहे. बदलते ती त्या दोघांमधली जागा.

ही माणसे शेजारी शेजारी बसली आहेत याकडे आपले विशेष लक्ष वेधावयाचे आहे. ती समोरासमोर बसती, तर एकमेकांच्या चेहऱ्यावरील वेदना पाहूनच त्यांचे शब्द अडले असते. दोघांचीही दृष्टी एका तिसऱ्या वस्तूकडे, म्हणजे कॅमेऱ्याकडे आहे. म्हणून जे एकमेकांना सांगता येत नव्हते ते त्या यंत्राला सांगता येते, आणि शेजारी बसलेल्या माणसाच्या कानी ते आपोआप पडते. घरातील ताण सैल व्हावयाचा तर अशी एखादी तिसरी वस्तू मध्ये असावी लागते, हे या लहानशा चित्रपटाचे मर्म आहे असे मला वाटते.

पोलंडचे नाव ऐकून कोणी म्हणेल, इतक्या दूरच्या देशातल्या घराशी आपला काय संबंध? महाराष्ट्राला तरी पोलिश घर अगदीच परके नाही. दुसऱ्या महायुद्धात देशोधडीला लागलेल्या सुमारे पाच हजार पोलिश निर्वासितांची वसाहत १९४३ पासून १९४८ पर्यंत कोल्हापूरनजीक वळिवडे येथे होती. त्यांत बहुतेक स्त्रिया आणि मुलेच होती. अनेक घरांत कर्ता पुरुष नव्हता. पंचगंगेच्या काठी त्यांनी शाळा चालविल्या, प्रार्थना केल्या, परक्या मुलखात घर मांडून दाखविले. घर टिकविण्याची धडपड आणि तिच्या पोटी येणारे दुःख ही कोणत्याही एका देशाची मिरास नव्हे.

आणि ती तिसरी वस्तूही आपणांस नवी नाही. खानदेशापुरतेच पाहिले तरी ती वस्तू घरोघर होती. तिचे नाव जाते. जळगावकडच्या बोलीत त्याला घरोटं म्हणतात. पहाटेच्या अंधारात दोघी बायका जात्याच्या दोन बाजूंना बसत, एकाच खुंट्यावर दोघींचे हात पडत. त्या दोघी पुष्कळदा सासू-सून असत, किंवा जावाजावा असत. म्हणजे घरात ज्यांच्यामध्ये ताण असण्याचा संभव अधिक, त्याच. दिवसभर ज्या एकमेकींशी मोजके बोलत, त्यांना येथे एकाच लयीत हात फिरवावा लागे. न फिरवला तर पीठ पडत नसे. आणि या लयीवर ओवी येई. ओवी सासूला उद्देशून नसे. ती विठ्ठलाला असे, दूरच्या भावाला असे, माहेरच्या वाटेला असे, कधी त्या दगडालाच असे. समोर बसलेल्या सासूच्या कानी सारे पडत होते; परंतु ते गाणे होते, म्हणून तिला राग धरता येत नव्हता. कदाचित तीही सून असताना तसेच गात आली होती.

हेमा राईरकर आणि गी पॉइटवँ या अभ्यासकांनी महाराष्ट्रातील खेड्यापाड्यांत हिंडून अशा ओव्या गोळा केल्या. त्या संग्रहात एक लाखाहून अधिक ओव्या जमल्या आहेत. एवढी अफाट रचना केवळ मनोरंजनाकरिता झाली असे कोण म्हणेल? जळगावजवळच्या असोद्यास १८८० साली जन्मलेल्या आणि जळगावच्या चौधरी घराण्यात दिलेल्या बहिणाबाईंना अक्षरओळख नव्हती. ऐन तारुण्यात वैधव्य आले, संसाराचा भार अंगावर पडला. आणि घरोट्यावर, चुलीपाशी, शेतात त्यांनी जी गाणी रचिली ती त्यांच्या मृत्यूनंतर १९५२ साली पुस्तकरूपाने प्रसिद्ध झाली. संसाराचे चटके आणि त्यांतूनही न सुटलेला समतोल या दोन्ही गोष्टी त्यांच्या वाणीत आहेत. त्या वाणीला जात्याच्या घरघरीचा आधार होता, ही गोष्ट ध्यानात ठेवण्यासारखी आहे.

पुढे पिठाची गिरणी आली. बायकांच्या खांद्यांवरचे एक जुलमी ओझे उतरले, हे फार चांगले झाले. त्याविषयी कोणी हळहळू नये. मात्र जात्याबरोबर ते बोलण्याचे स्थानही गेले. त्याच सुमारास मराठी मनुष्याच्या आयुष्यात बोलपट आला, आणि घरातील जे दुःख पहाटेच्या काळोखात गाइले जात होते ते सार्वजनिक पडद्यावर दिसू लागले.

या दृष्टीने प्रभात फिल्म कंपनीचा १९३७ सालचा 'कुंकू' हा बोलपट आजही मनन करण्याजोगा आहे. दिग्दर्शक व्ही. शांताराम, कथा नारायण हरी आपटे यांच्या 'न पटणारी गोष्ट' या कादंबरीवरून घेतलेली. जरठ-बाला विवाहाचा विषय मराठी रंगभूमीला नवा नव्हता. गोविंद बल्लाळ देवलांचे 'संगीत शारदा' १८९९ सालीच रंगभूमीवर आले होते. तथापि शारदेचे लग्न अखेर मोडते; 'कुंकू'मधील नीरेचे लग्न लागून जाते, आणि खरी कथा तेथून पुढे सुरू होते. म्हणजे हा विषय लग्नमंडपातून उचलून घरात आणला गेला. मामाने पैशाच्या लोभाने फसवून दिलेली ही मुलगी वयस्क, विधुर वकील काकासाहेबांच्या घरी येते. तेथे सावत्र मुले तिच्या बरोबरीची किंवा तिच्याहूनही मोठी आहेत, घरावर हुकमत चालविणारी काकू आहे. नीरा घरातून पळून जात नाही. पण या पुरुषाशी पत्नी म्हणून नांदणार नाही, एवढा तिचा निश्चय असतो, आणि त्या निश्चयाचा ताण घराच्या प्रत्येक खोलीत भरून राहतो. शांता आपटे यांची नीरा आणि केशवराव दाते यांचे काकासाहेब यांच्या अभिनयाची वाखाणणी आजपर्यंत चालत आली आहे.

परंतु आपल्या प्रश्नाचे उत्तर या चित्रपटाच्या आवाजात आहे. शांतारामांनी येथे पार्श्वसंगीत जवळजवळ पूर्णपणे वर्ज्य केले. प्रसंग करुण झाला म्हणून कोठून तरी सारंगी रडू लागते, असे येथे होत नाही. जो आवाज त्या घरात खरोखर होऊ शकतो तेवढाच आपणांस ऐकू येतो. घरातले जुने घड्याळ टिकटिक करीत असते, आणि ती टिकटिक काकासाहेबांच्या सरत्या वयाची आठवण त्यांना आणि आपणांस देत राहते. गाण्यालाही घरातलेच निमित्त असते. नीरा ग्रामोफोनच्या तबकडीबरोबर गाते. घरात अबोला असला म्हणजे घड्याळाचा आवाज मोठा होतो, हा अनुभव कोणास नाही? संगीत काढून टाकताच तो अनुभव पडद्यावर उतरला. वॉर्साच्या त्या कोचासमोर स्थिर ठेवलेला कॅमेरा आणि पुण्याच्या प्रभात स्टुडिओतील ही निःशब्दता यांत शहात्तर वर्षांचे अंतर आहे, पण रीत एकच आहे: भर काहीच घालावयाची नाही, जे आहे ते ऐकू द्यावयाचे.

या घरात तिसरी वस्तू मात्र नाही. नीरा आणि काकासाहेब यांना एकत्र बसून बोलता येईल असे एकही स्थान नाही; त्यांच्यामध्ये फक्त तो विवाह आहे, आणि तोच अन्याय आहे. काकासाहेबांना आपल्या अपराधाची जाणीव होते, पण ती व्हावयास उशीर लागतो. ते तिचे कुंकू आपल्या हाताने पुसतात आणि मनातले सारे एका पत्रात लिहून स्वतःचे जीवन संपवितात. त्या घरातील पहिले मोकळे बोलणे पत्रातून येते, आणि ते वाचले जाते तेव्हा लिहिणारा उरलेला नसतो. यापेक्षा अबोल्याची अधिक मोठी किंमत ती काय असावयाची?

'कुंकू'त अन्याय उघड आहे. अन्याय करणारा कोण हेही उघड आहे. परंतु ज्या घरात कोणीच दुष्ट नाही तेथेही ताण असतो, आणि तो उलगडणे अधिक कठीण असते. यासाठी १९८२ सालच्या 'उंबरठा' या चित्रपटाकडे वळू. दिग्दर्शक जब्बार पटेल, पटकथा विजय तेंडुलकर, आणि आधार शांता निसळ यांच्या 'बेघर' या कादंबरीचा. मराठी चित्रपटांत त्याला राष्ट्रीय पारितोषिक मिळाले. सुलभा महाजन ही भूमिका स्मिता पाटील यांची. त्यांचे घराणे मूळचे धुळे जिल्ह्यातील शिरपूरचे, म्हणून खानदेशाला त्यांच्याविषयी विशेष जिव्हाळा आहे. १९८६ साली अवघ्या एकतिसाव्या वर्षी त्या निवर्तल्या.

सुलभेचे सासर संपन्न आणि सुसंस्कृत आहे. नवरा वकील, समंजस. सासू स्वतः समाजकार्य करणारी. जाऊ इतकी प्रेमळ, की सुलभेच्या मुलीला ती पोटच्या मुलीप्रमाणे वाढविते. अशा घरात कमी ते काय? परंतु सुलभेला शिकलेल्या शिक्षणाचा उपयोग करावयाचा आहे, आणि ती दूरच्या गावी महिलाश्रमाची अधीक्षिका होऊन जाते. तिला कोणी घराबाहेर काढीत नाही, कोणी हात उगारीत नाही. पण परतून येते तेव्हा मुलगी जाऊबाईंची झालेली असते, नवऱ्याच्या आयुष्यात दुसरी स्त्री आलेली असते, आणि तिच्यावाचून घर व्यवस्थित चाललेले असते. जावेचे प्रेम खोटे नाही, पण त्याच प्रेमाने आईची जागा भरून टाकली. सासूचे समाजकार्य ढोंग नाही, पण सुनेचे कार्य मात्र घर सोडणे ठरले. प्रत्येकाचे म्हणणे आपापल्या ठिकाणी बरोबर, आणि बेरीज मात्र चुकलेली. शेवटी सुलभा उंबरठा पुन्हा ओलांडते. कोण चुकले याचा निकाल देण्याची घाई प्रेक्षकाने केली, तर हा चित्रपट त्याच्या हातून निसटतो.

तिसरे उदाहरण लघुपटाचेच. सुमित्रा भावे या मुळात समाजशास्त्राच्या अभ्यासक. पुण्यातील झोपडपट्टीत राहणाऱ्या स्त्रियांच्या जीवनाचा अभ्यास करताना त्यांच्या लक्षात आले, की ज्यांच्याविषयी आपण लिहितो त्यांना ते वाचता येणार नाही. तेव्हा त्यांनी चित्रपट हे साधन हाती घेतले आणि १९८५ साली 'बाई' हा लघुपट केला. कुटुंबकल्याणाच्या विषयावरील चित्रपटाचे राष्ट्रीय पारितोषिक त्याला मिळाले. येथे चित्रपटाचा प्रवास उलटा झाला आहे, हे लक्षात घ्यावे. तो झोपडपट्टीतील घर सुशिक्षितांना दाखविण्यापुरता नव्हता. त्या घरातील बाईला तिचेच घर बाहेरून पाहावयास मिळावे हाही त्याचा हेतू होता. आपले घर बाहेरून पाहणे हे काम कोणालाही एकट्याने साधत नाही. त्यासाठी आरसा लागतो.

आता लघुपटच का, असाही एक प्रश्न विचारता येईल. दोन-अडीच तासांच्या चित्रपटात कथानक हलते ठेवावे लागते. माणसे घराबाहेर पडतात, गाणी येतात, योगायोग येतात. लघुपटाला एक खोली पुरते. पोलंडमध्ये वूज या शहरी १९४८ साली चित्रपटशिक्षणाची संस्था निघाली, आपल्याकडे प्रभातच्याच जागेत १९६० साली पुण्याची संस्था निघाली. अशा ठिकाणी विद्यार्थ्यांचा हात लघुपटांवरच बसतो, आणि थोडक्या जागेत पुष्कळ पाहण्याची सवय त्यांना लागते. वूज येथेच झ्बिग्न्येव रिबचिन्स्की यांनी १९८० साली 'टँगो' हा आठ मिनिटांचा चलत्‌चित्रपट केला. १९८३ साली त्याला ऑस्कर मिळाले. त्यात एकच खोली आहे. प्रथम एक मुलगा खिडकीतून आत येतो, चेंडू घेतो व जातो; पुन्हा येतो. मग आणखी एकजण, मग आणखी; कोणी बाळाला घेऊन, कोणी दिवा बदलावयास, कोणी पलंगावर पडावयास. होता होता छत्तीस माणसे त्या एका खोलीत आपापल्या ठरल्या फेरीने फिरत राहतात, आणि कोणीही कोणाला लागत नाही, कोणी कोणाकडे पाहत नाही. एकही शब्द नाही. ज्यांनी मोठे एकत्र कुटुंब पाहिले आहे त्यांना हे चित्र पाहून हसू येईल, आणि मग ते हसू थोडे थांबेल.

ही सारी चर्चा पुन्हा आपल्या गल्लीत आणून सोडू. जळगावला लागून असलेले पिंप्राळा घ्या. एके काळी ते स्वतंत्र गाव होते. आज ते जळगाव शहराचाच भाग झाले आहे. आषाढी एकादशीस तेथे विठ्ठलाचा रथ निघतो. त्या दिवशी दारोदारी रांगोळी असते, घरातील लहानथोर ओट्यावर येऊन उभे राहतात, आणि रस्त्याने जाणाऱ्याला प्रत्येक कुटुंब एकदिलाचे दिसते. ते दिसणे खोटे नव्हे; त्या क्षणी सर्वांची दृष्टी एका रथाकडे लागलेली असते. रथ पुढे गेला की माणसे आत जातात. जुन्या वस्तीतील घरात तीन पिढ्या एका माजघरात वावरत असतात. नव्या वसाहतीतील घरात नवराबायको आणि एखादे मूल असते, आणि म्हातारे आईबाप कधी या मुलाकडे, कधी त्या मुलाकडे. एका ठिकाणी माणसे फार जवळ म्हणून ताण, दुसऱ्या ठिकाणी फार थोडी म्हणून ताण. जुन्या घरी निदान ओटा होता. संध्याकाळी शेजारीण येऊन बसे आणि निम्मे ओझे तेथे उतरे. नव्या घरात दिवाणखाना आहे, सोफा आहे, आणि सोफ्यावरील प्रत्येकाच्या हाती स्वतंत्र पडदा आहे. 'टँगो'मधील खोली आता आपणांस फार दूरची वाटू नये.

म्हणून एक सूचना करावीशी वाटते. घरातील सर्वांनी मिळून कधी कधी असा एखादा चित्रपट पाहावा, आणि पाहताना तीन गोष्टींकडे लक्ष द्यावे. पहिली, घरात कोण कोठे बसते आणि कोण सतत उभे असते. दुसरी, गप्प कोण आहे, आणि त्या शांततेत कोणता आवाज मोठा झाला आहे. तिसरी, कोणती गोष्ट पाहुण्यांदेखत बोलली जाते आणि पाहुणे गेल्यावर बोलली जात नाही. एवढे टिपता आले तर दिग्दर्शकाने काय केले ते उमगेल. आणि आपल्या स्वतःच्या घरात कोण उभे आहे हेही कदाचित दिसेल.

एक पथ्य मात्र पाळावे. चित्रपट संपताच "हे अगदी तुमच्या आईसारखे" किंवा "ही तर थेट आपली धाकटी" असे बोट दाखवू नये. ओवी सासूचे नाव घेत नसे, यातच तिचे शहाणपण होते. पात्राविषयी बोलावे: त्या जावेला काय वाटले असेल, त्या वकिलाने पत्र आधीच का लिहिले नाही. बोलता बोलता ज्याचे त्याला कळते. आणि आणखी एक भेद स्पष्ट ठेवावा. जेथे मारहाण आहे, धाक आहे, तेथे त्याला ताण म्हणून सोडून देऊ नये. त्यासाठी २००५ सालचा कौटुंबिक हिंसाचारापासून स्त्रियांचे संरक्षण करणारा कायदा आहे, आणि तेथे चित्रपटाच्या चर्चेपेक्षा त्या कायद्याचा आधार आधी घ्यावा.

बाकीच्या घरांसाठी, म्हणजे जेथे माणसे चांगली आहेत आणि तरीही मने आखडलेली आहेत अशा बहुसंख्य घरांसाठी, काहीतरी मध्ये ठेवावे लागेल. वॉर्साच्या त्या नवराबायकोंनी कॅमेरा ठेवला. आमच्या आज्या-पणज्यांनी जाते ठेवले होते. कोणाच्या घरी ते काम एखादा चित्रपट करील, कोणाच्या घरी रात्री मिळून निवडावयाची भाजी करील, कोणाच्या घरी परसातले झाड करील. वस्तू कोणतीही असो, तिच्यावर दोघांचे हात पडावयास हवेत, आणि हात चालू असताना शब्दांना घाई करावयास नको.